फिलिपिनो समांतर सिनेमा आणि पडद्यावरचं घर

अनघा_दि

फिलिपिन्सच्या सिनेमाचा विषय निघाला की बोलणं लगेच दिग्दर्शक लाव्ह दियासच्या आठ-आठ तासांच्या चित्रपटांवर नाहीतर मनिलाच्या झोपडपट्ट्यांवर जातं. हा सिनेमा बरीच वर्षं बघताना माझं मन मात्र तिसऱ्याच गोष्टीत अडकलंय. तिथल्या चांगल्या स्वतंत्र चित्रपटांचा गाभा घरगुती नाट्याचा आहे. आई आणि मुलगी, सासरा आणि जावई, आजी आणि नातू, लग्नाची बायको आणि दुसरी बाई. आपल्याकडे संध्याकाळच्या मालिकांत चालतात तेच विषय. त्यावर सविस्तर लिहायचं कधीचं मनात होतं. (खाली काही चित्रपटांचे शेवट उघड झालेत. आधी बघायचे असतील तर बेतानं वाचा.)

सुरुवात दिग्दर्शक लिनो ब्रोकाच्या 'इन्सियांग'पासून करते. साल १९७६, हुकूमशहा मार्कोसचा मार्शल लॉ चालू. मनिलातल्या तोंदो वस्तीतलं एक घर. तोन्याला नवरा दुसऱ्या बाईसाठी टाकून गेलाय. त्या रागात ती नवऱ्याच्या आश्रित नातेवाइकांना घराबाहेर काढते आणि आपल्यापेक्षा वयानं लहान असलेल्या दादोला घरात आणते. दादो कत्तलखान्यात कामाला. त्याची नजर तोन्याच्या मुलीवर, इन्सियांगवर. तो तिच्यावर बलात्कार करतो आणि आई त्याचंच खरं मानते. जो मुलगा लग्नाच्या गोष्टी करत होता तो बेबोत इन्सियांगला एका रात्रीसाठी हॉटेलात नेतो आणि तिथेच सोडून जातो. मग ती घरी परत येते. इथून पुढे ती जे करते ते अगदी थंड डोक्यानं. दादोला आपल्याकडे ओढते, त्याच्याकडून बेबोतला मार देववते आणि आईचा मत्सर असा पेटवते की आईच दादोला भोसकते.

कथा अशी सांगितली की भडक वाटते, आणि आहेच. ब्रोका भडकपणाला घाबरत नाही. पण मोना लिसानं उभी केलेली तोन्या बघा. ही जुन्या जमान्यातली अभिनेत्री, खूप वर्षांनी अशा मोठ्या भूमिकेत आलेली. तिची तोन्या कजाग आहे, मुलीला घालूनपाडून बोलते, तरी तिची भूक आपल्याला कळते. टाकलेल्या बाईला या वयात कुणीतरी हवंसं मानतंय, आणि ते हातचं जाऊ नये म्हणून ती पोटच्या मुलीला खोटं ठरवते. तिला खलनायिका म्हणून मोकळं होता येत नाही. शेवटी इन्सियांग तुरुंगात आईला भेटायला येते, तेव्हा तोन्या तिला जवळ घेत नाही. मुलीनं आईला जन्मठेपेसारखं काहीतरी दिलंय आणि तरी तिला आईच हवी आहे. इन्सियांग झालेल्या हिल्डा कोरोनेलचा चेहरा त्या प्रसंगात बघवत नाही.

यात मला सगळ्यात मोलाची वाटणारी गोष्ट वेगळीच आहे. 'इन्सियांग' मुळात मारिओ ओ'हारानं लिहिलेलं टीव्हीवरचं नाटक. १९७८ साली फ्रान्समधल्या 'कान' चित्रपट महोत्सवाच्या डिरेक्टर्स फोर्टनाइट विभागात जाऊन 'कान'मध्ये दाखवला गेलेला पहिला फिलिपिनो चित्रपट ठरलेली ही कलाकृती टीव्हीच्या घरगुती नाट्यातून आली. म्हणजे रडवणाऱ्या मालिका एकीकडे आणि समांतर सिनेमा दुसरीकडे, अशी जी भिंत आपण मनात बांधतो, ती तिथे पहिल्यापासून नव्हती.

दुसरा चित्रपट माइक दे लेऑनचा 'किसापमाता', १९८१. निवृत्त पोलीस असलेला बाप, घाबरलेली आई, बँकेत-ऑफिसात नोकरी करावी तशी चारचौघांसारखी नोकरी करणारी मुलगी मिला. ती सांगते की मला दिवस गेलेत, नोएलशी लग्न करायचंय. बाप आधी मुलाकडून भरमसाट पैसे मागतो, मग लग्नानंतर दोघांनी याच घरात राहायचं असा हट्ट धरतो. मग मुलीला नवऱ्याच्या खोलीत जाऊ न देण्याची कारणं निघू लागतात. आई आजारी आहे, आज तिच्याजवळ झोप. उद्या आणखी काही. विक सिलायानचा बाप फारसा आवाज चढवत नाही. तो जेवायला वाढतो, पाहुण्यांची विचारपूस करतो, फाटकाला कुलूप लावतो. बाप आणि मुलगी यांच्यात काय आहे ते चित्रपट उघड शब्दांत सांगत नाही, तरी आपल्याला पोटात कळतं. मुळात हे खरं घडलेलं हत्याकांड. निक होआकिननं ते पत्रकार म्हणून लिहिलं होतं. चित्रपट आला तो मनिलाच्या डिसेंबरातल्या महोत्सवात, नाताळच्या दिवसांत, सगळं कुटुंब मिळून सिनेमाला जातं तेव्हा.

बरेच समीक्षक या बापात मार्कोस बघतात. ते बरोबरच आहे, पण तेवढंच बघितलं तर घर हातातून निसटतं. असा बाप हुकूमशाही गेल्यावरही घराघरांत असतो.

तुम्ही यातलं काय पाहिलंय? आणि पाहिलं नसेल तर कशामुळे पाहावंसं वाटलं नाही, तेही लिहा.


तांडेल७२

अनघाताई, माझं क्षेत्र सिनेमा नाही, मी जहाजावरचा माणूस. पण या विषयावर मला बोलायचंय, कारण जगातल्या बहुतेक मालवाहू जहाजांवर फिलिपिनो खलाशी असतातच आणि आमच्या कोकणातली पोरं त्यांच्याबरोबर वर्षानुवर्षं एका मेसमध्ये जेवतात.

मेसमधल्या टीव्हीवर त्यांच्या मालिका चालायच्या. कुकपासून मोटरमनपर्यंत सगळे बसलेले. भाषा कळत नसली तरी गोष्ट कळायची, कारण गोष्ट एकच : बाप परदेशी, आई एकटी, पैसे येतात आणि माणूस येत नाही. हे बघताना ती माणसं आपलंच घर बघत असत. माझंही घर तसंच होतं, म्हणून मला ते परकं वाटलं नाही.

जुन्या लोकांत दोन तट असायचे, नोरा आउनोरवाले आणि विल्मा सांतोसवाले. त्यावरून खरी भांडणं व्हायची. बिकोलकडचा एक बोसन (डेकवरच्या खलाशांचा मुकादम) नोराचं नाव काढलं की सरळ उठून बसायचा. नोरा त्याच्याच भागातल्या इरिगा गावची, लहानपणी रेल्वे स्टेशनवर पाणी विकणारी, गाण्याच्या स्पर्धेतून वर आलेली. सावळी आणि ठेंगणी. त्याआधी तिथल्या पडद्यावर गोऱ्या, स्पॅनिश वळणाच्या नट्याच चालायच्या, असं तो सांगायचा. २०२५च्या एप्रिलमध्ये ती गेली तेव्हा मी त्याला निरोप पाठवला. त्याचं उत्तर फार मोठं आलं.


किरण_वसई

लेख आवडला, पण एक आक्षेप मांडतो. यातला बराचसा सिनेमा युरोपातल्या महोत्सवांसाठी शिजवलेला वाटतो. हलता कॅमेरा, गल्ल्या, घाण पाणी, ओरडणारी बाई, शेवटी अन्याय. परदेशी परीक्षकांना आशियातली गरिबी बघायला आवडते आणि दिग्दर्शक ती पुरवतात. आपल्याकडेही हे झालंय. तुम्ही याला घरगुती नाट्य म्हणता, पण त्या घरांना दार-खिडक्या तरी कुठे दाखवतात? फिलिपिन्समध्ये मध्यमवर्ग नाही का? नोकरदार माणसाच्या घरातलं भांडण या सिनेमात का येत नाही?


अनघा_दि

तांडेलदादा, फार छान लिहिलंत. बोसनचं उत्तर काय आलं ते त्यांची हरकत नसेल तर लिहा.

किरण, आक्षेप जुना आहे आणि सगळ्यात जोरात तो फिलिपिनो लोकांनीच घेतलाय. 'आंग बाबाए सा सेप्टिक टँक' (२०११) हा अख्खा चित्रपट त्यावरच आहे. तीन तरुण चित्रकर्मींना परदेशात बक्षीस मिळवायचंय, म्हणून ते गरीब आईनं मूल विकण्याची गोष्ट निवडतात. तीच गोष्ट कधी रुक्ष वास्तववादी ढंगात, कधी गाण्यांसह, कधी रडारडीच्या ढंगात आपल्यासमोर येते, आणि युजीन डोमिंगो प्रत्येक ढंगात वेगळी आई होते. हा चित्रपट सिनेमलाया या तिथल्या स्वतंत्र चित्रपटांच्या महोत्सवातच पहिल्यांदा दाखवला गेला आणि थिएटरातही तुफान चालला. ज्या महोत्सवानं असे चित्रपट घडवले त्यानंच स्वतःवरची ही टीका उचलून धरली, याचा मला आदर वाटतो.

मध्यमवर्ग नाही हे मात्र मान्य नाही. 'किसापमाता'चं घर पक्कं बांधलेलं आहे, फाटक आहे, दिवाणखाना आहे, देवांच्या तसबिरी आहेत. मारिलू दियास-आबायाचा 'मोराल' (१९८२) चार शिकलेल्या मैत्रिणींवर आहे. जेफ्री जेतुरियनचा 'साना पागइबिग ना' (१९९८) बघा. वडील अचानक जातात आणि मग मुलाला कळतं की त्यांची दुसरी बाई होती आणि ती गरोदर आहे. शिकल्या-सवरल्या घरातलं दुःख आहे ते. हे चित्रपट परदेशी कमी गेले म्हणून आपल्यापर्यंत कमी आले. दोष निवडीचा आहे, सिनेमाचा नाही.

दिग्दर्शक ब्रिलान्ते मेंदोसाचे सगळे चित्रपट मला सारखे आवडतात असं नाही. 'किनाताय'ला २००९ साली 'कान'मध्ये दिग्दर्शनाचं बक्षीस मिळालं, पण मी तो पुन्हा बघणार नाही. त्याच वर्षीचा त्याचा 'लोला' मात्र किरण, तुम्ही बघाच. मग बोलू.


ओंकार_ज

एक शंका. तिथे 'स्वतंत्र' म्हणजे नेमकं काय? ब्रोका तर स्टुडिओच्या नट्या घेऊनच काम करायचा ना?


जुना_प्रेक्षक

ओंकार, चांगला प्रश्न. ब्रोकाच्या काळात तिथे आजच्या अर्थानं स्वतंत्र असं काही नव्हतं. तो एक धंदेवाईक चित्रपट करून दुसऱ्यासाठी मोकळीक मिळवायचा. नटनट्याच निर्मितीत उतरायच्या. 'बोना' (१९८०) नोरा आउनोरनं स्वतःच्या संस्थेतून काढला.

मग नव्वदच्या शेवटी बड्या निर्मात्यांनी स्वस्त चित्रपटांची 'पितो-पितो' नावाची पद्धत काढली. सात दिवसांत चित्रीकरण, सात दिवसांत पुढचं सगळं काम. पैसे वाचवायची युक्ती होती, पण त्यातून नवे लोक आत आले. लाव्ह दियास आणि वर अनघानं लिहिलेला जेतुरियन, दोघंही त्याच दारातून आलेले. पुढे डिजिटल कॅमेरे आले आणि २००५ साली सिनेमलाया सुरू झाला. निवडलेल्या पटकथेला पाच लाख पेसो द्यायचे आणि म्हणायचं, करा. तेवढ्या पैशांत सेट उभारता येत नाही. मग आपलंच घर, आपलीच गल्ली, शेजारच्या मावशींचं दुकान. या सिनेमात घर इतकं का दिसतं याचं एक कारण हिशेबाच्या वहीतही आहे.

आता 'बोना'बद्दल. फिल्म सोसायटीत हा विषय निघाला की मी याच चित्रपटासाठी भांडतो. बोना बऱ्या घरातली, शाळा-कॉलेजातली मुलगी. गार्दो नावाच्या एका फुटकळ भूमिका करणाऱ्या नटावर तिचा जीव. त्याच्यासाठी ती घर सोडते आणि त्याच्या झोपडीत येऊन त्याची चाकरी करू लागते. पाणी भरते, तापवते, त्याला अंघोळ घालते. तो दुसऱ्या बायका घरी आणतो, ती तेही सोसते. आणि ज्या तापल्या पाण्यानं रोज त्याची सेवा केली तेच उकळतं पाणी शेवटी ती त्याच्या अंगावर ओतते. ज्या नोराच्या मागे हजारो चाहते वेडे होते, तिनेच चाहतीची ही भूमिका करावी, स्वतःचे पैसे घालून करावी! एवढी हिंमत मी फार थोड्या नटांत पाहिली आहे. २०२४मध्ये त्याची नव्यानं दुरुस्त केलेली प्रत 'कान'मध्ये दाखवली गेली, तेव्हा कुठे बाहेरच्या लोकांना तो नीट बघायला मिळाला.

दिग्दर्शक इश्माएल बर्नालचा 'रेलास्योन' (१९८२) कुणी पाहिलाय का? विल्मा सांतोस एका लग्न झालेल्या माणसाबरोबर घर मांडून राहते. स्वयंपाक, धुणं, आजारपण, सगळं बायकोसारखं. तो अचानक मरतो आणि मग तिला कुठे उभं राहायचं हेच कळत नाही, कारण कागदावर ती कुणीच नाही.


शलाका_म

'बोना' कालच बघितला, हा धागा वाचून. शेवटानंतर बराच वेळ काही सुचलं नाही. जुना_प्रेक्षक काका, आभार.


ॲड_मृणाल

मी कौटुंबिक न्यायालयात काम करते, म्हणून 'रेलास्योन' आणि 'किसापमाता' या दोन्हींच्या मुळाशी असलेल्या कायद्याबद्दल लिहिते. त्याशिवाय हे चित्रपट अर्धेच कळतात.

व्हॅटिकन सोडलं तर जगात फिलिपिन्स हा एकच देश असा आहे जिथे बहुसंख्य नागरिकांना घटस्फोट मिळत नाही. तिथल्या मुस्लिमांना १९७७च्या वेगळ्या कायद्यानं तो आहे. इतरांसाठी दोन वाटा. एक, कायदेशीर विभक्ती, ज्यात पुन्हा लग्न करता येत नाही. दुसरी, लग्न मुळातच रद्दबातल होतं असं सिद्ध करणं. १९८७च्या कुटुंब संहितेतलं कलम ३६ त्यासाठी सर्रास वापरतात. जोडीदार लग्नाची जबाबदारी पेलायला मानसिकदृष्ट्या असमर्थ होता, असं दाखवावं लागतं. खर्च मोठा, वेळ मोठा. साध्या पगारदाराला ते परवडत नाही. प्रतिनिधीगृहानं मे २०२४मध्ये घटस्फोटाचं विधेयक मंजूर केलं होतं, पण सिनेटमधून ते पुढे गेलं नाही.

आणखी एक. तिथल्या दंडसंहितेत बायकोचा व्यभिचार एका प्रसंगानंही गुन्हा ठरतो. नवऱ्यावर गुन्हा लावायचा तर त्यानं दुसरी बाई राहत्या घरात ठेवली, तिच्याबरोबर संसार मांडला किंवा लाजिरवाण्या प्रकारे संबंध ठेवले, असं काहीतरी दाखवावं लागतं. आपलं ४९७ कलम वेगळ्या पद्धतीनं विषम होतं, ते २०१८ साली सर्वोच्च न्यायालयानं रद्द केलं. तिथलं अजून आहे.

आता या चौकटीत पुन्हा चित्रपट बघा. मेंदोसाच्या 'सेर्बिस'मध्ये (२००८) एक कुटुंब आंगेलेस शहरातलं मोडकळीला आलेलं थिएटर चालवतं आणि तिथेच राहतं. थिएटरचं नाव 'फॅमिली', दाखवतात अश्लील चित्रपट. घरातली म्हातारी आई नवऱ्याविरुद्ध द्विभार्येचा खटला लढतेय. तिला घटस्फोट मागताच येत नाही, त्यामुळे तिच्या हातात गुन्हेगारी खटला हेच एक हत्यार उरतं, आणि तो खटला पोटच्या मुलांना बापाविरुद्ध उभं करतो. परदेशी समीक्षकांनी थिएटरातल्या अंधाराबद्दल रकानेच्या रकाने लिहिले. मला ती कोर्टातून परत येणारी बाई दिसत राहिली. अशा बायका मी रोज बघते.

'वर्डिक्ट' (२०१९) बद्दल कुणी लिहिलं नाही म्हणून लिहिते. दिग्दर्शक रेमंड रिबाय गुतिएरेस, निर्माता मेंदोसा. नवरा दारू पिऊन येतो, बायकोला मारतो, लहान मुलीलाही लागतं. बायको पोलिसांत जाते. इथून खरा चित्रपट सुरू होतो : जबाब, वैद्यकीय तपासणी, शिक्का, झेरॉक्स, तारीख. कॅमेरा जो घरातल्या मारहाणीत अंगावर येतो तो पोलीस ठाण्याच्या बाकावरही तेवढाच जवळ बसतो. फिलिपिन्सचा स्त्रिया आणि मुलांवरील हिंसेविरुद्धचा कायदा २००४चा, आपला घरगुती हिंसाचाराचा २००५चा. दोन्हीकडे कायदा चांगला आहे. पण तक्रार करणाऱ्या बाईला तोच प्रसंग किती टेबलांपुढे किती वेळा सांगावा लागतो, ते मॅक्स आयगेनमनच्या थकत जाणाऱ्या चेहऱ्यावर दिसतं. नव्या वकिलांना हा चित्रपट दाखवायला हवा असं मला मनापासून वाटतं.


फोंडेकर

मृणालताई, उत्तम माहिती. 'थाय वूम्ब' (२०१२) तुम्ही सांगितलेल्या त्या वेगळ्या कायद्याच्या बाजूला येतो. तावी-तावी बेटांवरचं मुस्लिम जोडपं. बायको सुईण, गावातली मुलं तिच्या हातून जन्मलेली आणि तिला स्वतःला मूल नाही. म्हणून ती नवऱ्यासाठी दुसरी बायको शोधायला निघते, मुलीकडच्यांना द्यायच्या हुंड्याचे पैसे जमवते. मुलगी मिळते, पण तिची अट अशी की मूल झाल्यावर त्यानं पहिलीला सोडायचं. नोरा आउनोर त्यात जवळजवळ बोलतच नाही. नवऱ्याच्या भूमिकेत बेम्बोल रोको, ब्रोकाच्या १९७५च्या मनिलावरच्या चित्रपटातला तो तरुण नायक.

लाव्ह दियासबद्दल मात्र धाग्याच्या पहिल्याच ओळीत थोडा अन्याय झालाय. २०२२ला पणजीच्या इफ्फीत त्याच्या 'व्हेन द वेव्हज आर गॉन'ला परीक्षकांचं विशेष पारितोषिक मिळालं, तेव्हापासून मी त्याचे जुने चित्रपट शोधून बघतोय. २००४चा त्याचा सुमारे दहा तासांचा चित्रपट नावापासूनच एका फिलिपिनो कुटुंबाच्या घडणीचा आहे. तो बनायला दशकभर गेलं, त्यामुळे त्यातलं मूल खरोखर मोठं होत जातं. आणि अनघाताई, तुमच्या मुद्द्याला पूरक गोष्ट त्यातच आहे. शेतावरची ती माणसं रेडिओवरच्या रडक्या श्रुतिका ऐकत बसतात आणि दियास त्या श्रुतिका ध्वनिमुद्रित करणारे कलाकारही दाखवतो, निवांत, लांबलचक. त्या श्रुतिकांची त्याला जराही लाज वाटत नाही.

आम्हां गोव्यातल्या लोकांना या चित्रपटांतलं घर पटकन ओळखीचं वाटतं. दिवाणखान्यातला बाळ येशू, संध्याकाळची प्रार्थना, भिंतीवरचे पदवीदानाचे फोटो, परदेशातून आलेल्या वस्तू काचेच्या कपाटात.


निशिगंध

अबू धाबीत आमच्या रुग्णालयातल्या निम्म्या मैत्रिणी फिलिपिनो. त्यांच्याशी बोलताना लक्षात येतं की त्यांच्या मनातला सगळ्यात मोठा घरगुती चित्रपट 'आनाक' (२०००) आहे. तो मोठ्या स्टुडिओचा, स्वतंत्र वगैरे नाही. विल्मा सांतोस हाँगकाँगला मोलकरीण म्हणून राबून परत येते आणि मोठी मुलगी तिला आई मानायलाच तयार नाही. मुलीचं म्हणणं खोटं नाही आणि आईचंही नाही. माझी एक सहकारी तो पूर्ण बघू शकत नाही, मध्येच उठते. तिची मुलं इलोइलोत आजीकडे वाढली.

याच विषयावरचा 'संडे ब्यूटी क्वीन' (२०१६) हा बेबी रुथ व्हिलारामाचा माहितीपट जरूर बघा. हाँगकाँगमध्ये घरकाम करणाऱ्या बायकांना मालकाच्या घरातच राहावं लागतं, तसा नियमच आहे. सुटी एक रविवारची. त्या रविवारी या बायका सौंदर्यस्पर्धा भरवतात. आठवडाभर दुसऱ्याच्या स्वयंपाकघरात, दुसऱ्याच्या मुलांच्या मागे, आणि एक दिवस मुकुट आणि झगमगता झगा. मनिलाच्या डिसेंबर महोत्सवात त्या वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं बक्षीस या माहितीपटाला मिळालं. एरवी तिथे विनोदी आणि भुताखेतांच्या चित्रपटांचं राज्य असतं.

घरगुती नाट्य म्हटलं की आपण चार भिंतींतलं समजतो. यांचं घर दोन देशांत पसरलेलं आहे आणि मधलं अंतर पैशांनी भरून काढतात. तांडेलदादांनी लिहिलंय ते अगदी खरं.


किरण_वसई

'लोला' बघितला. दोन आज्या. एकीच्या नातवाला मोबाइल हिसकावण्यावरून भोसकून मारलंय, मारणारा दुसरीचा नातू. पहिली शवपेटीसाठी पैसे जमवतेय, दुसरी प्रकरण मिटवण्यासाठी. मालाबोनच्या पाण्यात बुडालेल्या गल्ल्या, अंत्ययात्रासुद्धा होडीतून.

माझा आक्षेप पूर्ण गेलेला नाही. पाऊस, चिखल, गर्दी, हे सगळं यात आहेच. पण सुरुवातीला ती म्हातारी नातू मेला त्या जागी वादळी वाऱ्यात मेणबत्ती पेटवायचा प्रयत्न करते तिथे मी आक्षेप बाजूला ठेवला. आणि शेवटी दोघी समोरासमोर बसतात तेव्हा मला वाटलं आता शिव्याशाप होणार. त्या दुखण्यांबद्दल बोलतात, सांधे, खाणंपिणं. मग पैसे. एका म्हातारीनं दुसरीकडून नातवाच्या जिवाची रक्कम घ्यावी आणि आपल्याला तिचा राग येऊ नये, हे कसं साधलं ते मला अजून सांगता येत नाही. अनिता लिंदा आणि रुस्तिका कार्पियो, दोघींची नावं लिहून ठेवतो.

पण प्रश्न तसाच आहे. नातवाचा जीव गेला आणि पैशांवर मिटलं, हे चित्रपट मान्य करतो की दाखवून देतो?


अनघा_दि

किरण, माझ्या मते मेंदोसा ते मान्य करत नाही, पण त्या आजीला दोषही देत नाही. तिच्याकडे खटला लढायला पैसे नाहीत, घरात खाणारी तोंडं आहेत. न्याय ही तिच्यासाठी महागाची वस्तू आहे आणि ती तिला परवडत नाही, एवढं तो दाखवतो. राग यायचाच तर तो त्या परिस्थितीचा येतो. 'मा रोसा'तही (२०१६) हेच. किराणा दुकानाच्या आडून थोडं थोडं अमली द्रव्य विकणारी आई, नवऱ्यासकट पोलिसांच्या ताब्यात. पोलीस सुटकेसाठी रक्कम मागतात आणि मुलं ती गोळा करायला शहरभर फिरतात. कुणी टीव्ही विकायला काढतं, कुणी तुटलेल्या नातेवाइकांपुढे हात पसरतं, कुणी स्वतःचं शरीर विकतं. शेवटी रोसा उरलेल्या पैशांची व्यवस्था करायला एकटी बाहेर पडते, रस्त्यावर उभी राहून काडीला टोचलेले माशांचे गोळे खाते आणि समोर एक कुटुंब आपलं छोटं दुकान आवरताना दिसतं. खाता खाता तिला रडू येतं. जॅक्लिन होसेला या भूमिकेसाठी 'कान'मध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं बक्षीस मिळालं, आग्नेय आशियातल्या अभिनेत्रीला मिळालेलं पहिलं. २०२४च्या मार्चमध्ये ती गेली. ती तिथल्या मालिकांमध्येही कायम असायची, कजाग आया आणि कडक सासवा करायची. दोन्हीकडची कला एकच होती. आवाज न चढवता, पुटपुटल्यासारखं बोलून समोरच्याला गार करणं.

फोंडेकर, दियासबद्दलचं तुमचं म्हणणं मान्य. रेडिओच्या श्रुतिकांचा भाग मला फार आवडतो. त्याच नात्यानं जेतुरियनचा 'एक्स्त्रा' (२०१३) इथे जोडते. विल्मा सांतोस, म्हणजे तांडेलदादांच्या मेसमधल्या अर्ध्या लोकांची दैवत, त्यात मालिकेच्या चित्रीकरणावर गर्दीत उभी राहणारी, कधी मोलकरीण तर कधी नायिकेच्या जागी थप्पड खाणारी कलाकार झाली आहे. पहाटे गाडीत कोंबून नेतात, दिवसभर उन्हात बसवतात, मध्यरात्री हातावर थोडे पैसे. हे पैसे तिला मुलीच्या शिक्षणासाठी हवेत. मालिकेतल्या श्रीमंत घराचं नाट्य चित्रित होत असतं आणि खरं घरगुती नाट्य गर्दीत उभं असतं. बघताना मालिकांचा राग येत नाही, त्या बनवणाऱ्या हातांबद्दल कणव वाटते.

मृणाल, 'वर्डिक्ट'बद्दल तू लिहिलंस ते मला लिहिता आलं नसतं. तुमच्या वकिलांच्या अभ्यासवर्गात तो खरंच दाखवता येईल का बघ. महोत्सवांचे लोक ओळखीचे आहेत, प्रत मिळवायला मी मदत करते.


ओंकार_ज

मी यातलं काहीच पाहिलेलं नाही. घरी आईबरोबर बसून बघायचं असेल तर कुठून सुरू करू? आईला मालिका आवडतात, इंग्रजी सबटायटल्स वाचते, पण मारहाण आणि बलात्काराची दृश्यं तिला नको असतात.


अनघा_दि

ओंकार, आईबरोबर असेल तर 'एक्स्त्रा'पासून कर, मग 'लोला'. 'लोला'त खून होऊन गेलेला आहे, दाखवलेला नाही. 'आनाक'ही चालेल, रुमाल जवळ ठेवा. 'इन्सियांग', 'किसापमाता' आणि 'सेर्बिस' तू एकटा बघ. 'इन्सियांग'ची दुरुस्त केलेली सुंदर प्रत क्रायटेरियन या डीव्हीडी-ब्लू-रे काढणाऱ्या कंपनीच्या जागतिक सिनेमाच्या संचात आहे, इंटरनेटवरच्या फिकट झालेल्या प्रतींवर वेळ घालवू नकोस. ब्रोकाच्या रात्री त्या प्रतींत नुसत्या काळ्या दिसतात, चेहरे हरवतात, आणि या चित्रपटांत चेहऱ्यांशिवाय बघायचं काय?

आईंना 'एक्स्त्रा' कसा वाटला ते इथे नक्की लिही.


तांडेल७२

बोसनला विचारलं. हरकत नाही म्हणाला. त्यानं लिहिलं होतं की नोरा गेल्याचं कळलं तेव्हा तो सुटीवर घरी होता, बायकोनं त्याच्या आईचा जुना अल्बम काढला, आणि आईनं तरुणपणी इरिगाला जाऊन नोराचं घर लांबून बघितल्याची गोष्ट त्याच्या मुलींना पहिल्यांदाच कळली. आता त्या मुली 'बोना' बघणार आहेत. मी त्याला हा धागा वाचून दाखवला फोनवर, जमेल तसा इंग्रजीत. तो म्हणाला, 'हिमाला' राहिला की. १९८२, बर्नालचा. तोही लिहा म्हणाला, तिथे नोरापुढे कुणी नाही.